दोन तासांत कसबे पुणे

पुण्याच्या पेठांची नावे मोजायला बसले की कसब्यापाशी थांबावे लागते. सोमवार ते रविवार हे वार झाले. सदाशिव, नारायण, नाना ही माणसांची नावे झाली. ‘कसबा’ मात्र वारही नाही आणि माणूसही नाही. हा मूळचा अरबी शब्द. आपल्याकडे तो परगण्याच्या मुख्य गावासाठी रूढ झाला आणि जुन्या कागदांत ‘कसबे पुणे, परगणे पुणे’ असा उल्लेख सर्रास सापडतो. कसब्याला पाटील असे, कुलकर्णी असे, बलुतेदार असत; गावाची काळी आणि पांढरी वेगळी असे. पेठ म्हणजे बाजारासाठी मुद्दाम वसवलेली वस्ती. तिचा कारभार शेटे-महाजनांकडे असायचा. म्हणजे कसबा आणि पेठ या दोन वेगळ्या जातीच्या वस्त्या आहेत. भोवती पेठा उभ्या राहिल्या आणि त्यांच्या रांगेत बसवण्यासाठी मूळ गावालाही ‘पेठ’ हे शेपूट लागले. ‘कसबा पेठ’ या दोन शब्दांत शहर वसण्याचा क्रमच नोंदला गेला आहे.

हा क्रम बराच लांब आहे. राष्ट्रकूटांच्या इ.स. ७५८ आणि ७६८ च्या ताम्रपटांत ‘पुण्य विषय’ आणि ‘पुनक विषय’ असे उल्लेख येतात. विषय म्हणजे आजच्या जिल्ह्यासारखा मुलूख. भोवतीच्या पेठांची मूळ नावेही वारांची नव्हती. आजची सोमवार पेठ ही शहापूर, रविवार पेठ ही मलकापूर आणि शनिवार पेठ ही मुर्तजाबाद. १७०३ मध्ये औरंगजेबाचा मुक्काम पुण्यात असताना वसलेल्या मुहियाबादची पुढे बुधवार पेठ झाली. पेशवाईत या सगळ्यांना वार मिळाले. कसब्याचे नाव तेवढे बदलले नाही, कारण ते नाव देऊन वसवलेले नव्हतेच. ते आधीपासूनच होते.

गेल्या काही वर्षांत हे मूळ गाव रविवारी सकाळी एका नव्या रूपात दिसू लागले आहे. खांद्यावर पिशवी, हातात पाण्याची बाटली, पुढे छोटा स्पीकर लावलेला गाइड आणि मागे दहा-पंधरा माणसे. याला ‘हेरिटेज वॉक’ म्हणतात. कसब्याचा इतिहास आज सर्वांत जास्त लोकांपर्यंत बहुधा याच मार्गाने पोचतो. ग्रंथालयात बसणारे आम्ही मोजके, चालणारे पुष्कळ. म्हणून या चालण्याचीच तपासणी करावी असे मला वाटले. दोन तासांत आणि थोड्या पैशांत गाव दाखवताना काय दिसते, काय निसटते आणि जे निसटते ते आणखी किती वर्षे तिथे असणार आहे, एवढेच प्रश्न या लेखापुरते घेतले आहेत.

गाव दाखवण्याची जुनी रीत

पैसे घेऊन गाव दाखवणे आपल्याला नवे नाही. क्षेत्राच्या ठिकाणी क्षेत्रोपाध्ये हेच करत आले. यात्रेकरूला उतरवून घ्यायचे, देवळे कोणत्या क्रमाने करायची ते सांगायचे, प्रत्येक ठिकाणचे माहात्म्य ऐकवायचे आणि शेवटी वहीत कुळाचे नाव लिहून दक्षिणा घ्यायची. पुणे मात्र क्षेत्र नव्हते. त्यामुळे ते ‘दाखवण्याचे’ काम छापील पुस्तकांवर आले. नारायण विष्णु जोशी यांचे पुणे शहराचे वर्णन १८६८ सालचे. १८८५ मध्ये मुंबई इलाख्याच्या गॅझेटियरचा पुणे जिल्ह्यावरचा खंड निघाला आणि त्यात शहराची पेठवार माहिती आली. भारत इतिहास संशोधक मंडळाची स्थापना १९१० ची. मंडळाने पुढे ‘पुणे नगर संशोधन वृत्त’ या नावाने खंड काढले आणि वाडे, देवळे, गल्ल्या यांच्या नोंदी कागदपत्रांच्या आधारे लावल्या. प्र. के. घाणेकरांचे ‘मुठेकाठचे पुणे’ तर हातात धरून हिंडावे असेच आहे. आजचा हेरिटेज वॉक या सगळ्यांचा धाकटा वारस आहे. फरक एवढाच की पुस्तकाला पाने वाढवता येतात आणि गाइडला घड्याळ पाहावे लागते.

माझी भाची नोकरीनिमित्त टोकियोत असते. तिथल्या आसाकुसा भागात ती अशा स्वस्तातल्या चालण्याला गेली होती. सुट्टीत पुण्याला आल्यावर म्हणाली, “मामा, तिकडचं सगळं पाहिलं, आपला कसबा मात्र मी कधी चालले नाही.” तिच्यामुळे मी आसाकुसाची माहिती काढली आणि ती तुलनेला उपयोगी पडली. जपानमध्ये परदेशी पाहुण्यांना पैसे घेऊन शहर दाखवायचे तर १९४९ च्या कायद्यानुसार परीक्षा देऊन परवाना काढावा लागे. २०१८ च्या सुरुवातीला ही अट सैल झाली आणि परवान्याशिवायही मोबदला घेऊन गाव दाखवता येऊ लागले. शिवाय हौशी स्वयंसेवकांचे फुकट फेरफटकेही आहेत. आसाकुसातल्या कामिनारिमोन दरवाजासमोर पर्यटन माहिती केंद्र आहे. तिथून असे फेरफटके निघतात. आपल्याकडे कायद्याची अशी चाळणी नव्हती. आपल्याकडची चाळणी होती ती आवडीची. ज्याला नाद तो दाखवी.

रविवारची फेरी

आम्ही दोघे ज्या फेरीला गेलो ती माणशी दोनशे रुपयांची होती. सकाळी सातला शनिवारवाड्यापाशी जमायचे, नऊला मोकळे. गाइड कॉलेजात शिकणारी मुलगी. माणसे चौदा: दोन नोकरदार जोडपी, आईबरोबर आलेला शाळकरी मुलगा, नागपूरहून आलेले तिघे, बाकी आमच्यासारखे. काही जण भुयारी मेट्रोने आले होते. जिल्हा न्यायालय ते स्वारगेट हा टप्पा २९ सप्टेंबर २०२४ ला सुरू झाला. त्यावरच्या एका स्थानकाला आधी बुधवार पेठेचे नाव होते, ते बदलून ‘कसबा पेठ’ झाले. त्यामुळे कसब्याचे नाव आता रोज हजारो प्रवाशांच्या कानी पडते.

शनिवारवाड्याशी मुलगी व्यवस्थित बोलली. १० जानेवारी १७३० ला पायाभरणी, २२ जानेवारी १७३२ ला वास्तुशांत, २७ फेब्रुवारी १८२८ ला लागलेली आणि सात दिवस धुमसलेली आग, असे सगळे तिने ओघात सांगितले. मग कोणीतरी अपेक्षेप्रमाणे नारायणरावांच्या किंकाळीचे विचारले. ३० ऑगस्ट १७७३ चा खून हा इतिहास आहे, रात्री ऐकू येणारी हाक ही लोककथा आहे. तिने हा फरक एका वाक्यात सांगून टाकला आणि पुढे निघाली. शाळकरी मुलगा हिरमुसला, मला मात्र तिच्याबद्दल आदर वाटला. भुताची गोष्ट रंगवली असती तर तिला टाळ्या मिळाल्या असत्या.

लाल महालाशी खरी परीक्षा असते. शहाजीराजांच्या जहागिरीत, जिजाबाई आणि बालशिवाजी पुण्यात राहू लागले तेव्हाचा मूळ महाल आज नाही. ५ एप्रिल १६६३ च्या रात्री शायिस्ताखानावर छापा पडला तो त्या महालात. समोर दिसते ती पुणे महापालिकेने १९८० च्या दशकात उभारलेली वास्तू. ती मूळ जागेच्या किंवा मूळ रचनेच्या तंतोतंत मापाने बांधलेली नाही. तिने तेही सांगितले. नागपूरच्या पाहुण्यांपैकी एकजण म्हणाले, “म्हणजे हे खरं नाही?” प्रश्न वाटतो तेवढा सोपा नाही.

आसाकुसातले सेन्सोजी देऊळ परंपरेप्रमाणे सातव्या शतकातले. सुमिदा नदीत मासेमारी करणाऱ्या दोघा भावांना जाळ्यात कान्नोनची मूर्ती सापडली, अशी त्याची कथा. पण आजचे मुख्य देऊळ १९५८ चे, सिमेंट-काँक्रीटचे आहे. आधीचे १० मार्च १९४५ च्या बाँबहल्ल्यात जळाले. कामिनारिमोन दरवाजाही १९६० मध्ये पुन्हा उभा केलेला. तरी तिथे जाणाऱ्याला खोट्या जागी आल्यासारखे वाटत नाही. कारण दरवाजापासून देवळाकडे जाणारी नाकामिसे ही दुकानांची सरळ वाट जागची हललेली नाही. १९२३ च्या भूकंपात दुकाने गेली, १९२५ मध्ये पुन्हा बांधली गेली, पण वाट तीच राहिली, दुकाने तिच्या दुतर्फाच राहिली आणि माणसे देवाला त्याच वाटेने जात राहिली. इमारत नवी असूनही जागा जुनी राहते ती अशी.

हे सूत्र घेऊन कसब्यात शिरले की पाहण्याची रीत बदलते. इथे जुन्या इमारती फारशा नाहीतच. जुन्या आहेत त्या गल्ल्या.

गल्लीचा पुरावा

सदाशिव पेठेत रस्ते तुलनेने सरळ धावतात, कारण ती आखून वसवलेली. कसब्यातल्या वाटा वळतात, अरुंद होतात, मध्येच एखाद्या देवळाला वळसा घालतात. नदीकडून आत येताना चढ लागतो. गावठाणाला आपण पांढरी म्हणतो. पिढ्यान्‌पिढ्यांच्या मातीच्या भिंती पडून, त्यावर पुन्हा भिंती उभ्या राहून ती उंचावत जाते. जुन्या पुण्याच्या तटाला ‘पांढरीचा कोट’ म्हणत ते यामुळेच. उत्तरेला मुठा आणि पूर्वेला नागझरी यांच्या बेचक्यात, पाण्याजवळ पण पाण्यापासून वर, अशी ही जागा कोणीतरी फार विचाराने निवडली होती. १२ जुलै १९६१ ला पानशेत फुटले तेव्हा नदीकाठची खालची वस्ती पाण्याखाली गेली. सखल कोणते आणि उंच कोणते ते त्या दिवशी पुणेकरांना नकाशाशिवाय कळले.

हे गाव उजाडही झालेले आहे. १६३० च्या सुमारास आदिलशाही सरदार मुरार जगदेवाने पुणे जाळले आणि गाढवाचा नांगर फिरवला. पुढे जिजाबाई-शिवाजी आल्यावर दादोजी कोंडदेवांच्या देखरेखीखाली वस्ती पुन्हा धरली. सोन्याच्या नांगराची गोष्ट परंपरेची आहे. कसबा गणपतीचे देऊळही परंपरा जिजाबाईंकडे नेते. दगडी गाभारा आणि पुढे लाकडी सभामंडप असलेले हे देऊळ ग्रामदैवताचे, म्हणून विसर्जन मिरवणुकीत मानाचा पहिला मान कसब्याचा. थोडक्यात, शहराचा विस्तार दहा दिशांनी झाला तरी वर्षातून एकदा अख्खे पुणे या मूळ गावाला पुढे घालून चालते.

नदीकडच्या बाजूला धाकटा शेख सल्ला आणि थोरला शेख सल्ला हे दोन दर्गे आहेत. पुण्येश्वर आणि नारायणेश्वर या प्राचीन देवळांची परंपरा याच जागांशी जोडली जाते आणि तो विषय आज तापलेला आहे. गाइडने परंपरा सांगितली, दर्ग्यांची नावे सांगितली, आवाज चढवला नाही की उतरवलाही नाही. चौदा अनोळखी माणसांसमोर वादाची जागा अशी दाखवता येणे हे कौशल्य आहे आणि ते दोनशे रुपयांत मिळते, याची नोंद केली पाहिजे.

आता आळ्यांकडे. तांबट आळी, कागदीपुरा, कुंभारवाडा ही नावे म्हणजे कसब्याच्या धंद्यांची यादीच आहे. कागदीपुऱ्यात हातकागद होई. चिंध्या कुजवायच्या, लगदा करायचा, हौदातून साच्यावर उचलायचा, वाळवायचा, खळ लावून घोटायचा, तेव्हा कुठे बोरूला चालणारा कागद. पेशवे दप्तरातल्या कोट्यवधी मोडी कागदांकडे आम्ही संशोधक मजकूर म्हणून पाहतो. तो मजकूर ज्यावर उतरला ती वस्तू बनवणाऱ्यांची एक वस्ती इथे होती, हे गल्लीचे नाव आठवण करून देते. आज कागदीपुऱ्यात मला एकही हौद दिसला नाही. नाव शिल्लक आहे.

तांबट आळीत मात्र नावाबरोबर आवाजही आहे. आळीतली माणसे आपले पूर्वज कोकणातून आल्याचे सांगतात. एकोणिसाव्या शतकात तांब्याचा तयार पत्रा विलायतेहून मुंबई बंदरात येऊ लागला आणि काम बदलले. पत्रा कापायचा, वळवायचा, सांधायचा, तापवून मऊ करायचा, मग लोखंडी आधारावर चढवून हातोडीने ठोके द्यायचे. एकाला एक लागून पडलेल्या या ठोक्यांना मठार म्हणतात. पाहणाऱ्याला ती नक्षी वाटते. खरे तर ठोक्यांनी मऊ तांबे घट्ट होते आणि भांड्याला ताकद येते. शोभा हा त्याचा वरचा लाभ. बंब, घंगाळ, हंडा, कळशी, पातेले ही त्यांची नेहमीची कामे. घरात गॅसचा गिझर आला तेव्हा बंब गेला, स्टील आले तेव्हा हंडा गेला, प्लॅस्टिकच्या बादलीने घंगाळ घालवले. आज मागणी पुन्हा थोडी आहे, ती शोभेच्या आणि आरोग्याच्या नावाने.

आमची माणसे इथे एकदम जागी झाली. सगळ्यांचे फोन बाहेर आले. ठोकणाऱ्या गृहस्थांनी हात थांबवला नाही. भाचीने विचारले, “काका, हे विकत कुठे मिळेल?” ते म्हणाले, “दुकानात. आम्ही मजुरीवर करतो, ताई.” फेरीत दोन तासांत ऐकलेल्या सगळ्या सनावळ्यांपेक्षा हे वाक्य मला महत्त्वाचे वाटले. नाकामिसेत पाहुणा आला की त्याचा पैसा वाटेवरच्या दुकानदाराला मिळतो आणि म्हणून वाट टिकवण्यात दुकानदाराचा स्वार्थ असतो. तांबट आळीत पाहुणा येतो, छायाचित्र घेऊन जातो आणि खरेदी कुठल्या तरी मोठ्या दुकानात करतो. आळीला या चालण्यातून मिळते ते एवढेच की कामाच्या वेळी वाट अडते.

तळमजल्याचा प्रश्न

आळी का जाते याचे उत्तर ‘नव्या पिढीला रस नाही’ एवढ्यावर संपत नाही. कसब्यातले बरेच वाडे अनेक भाडेकरूंचे आहेत. १९४७ च्या भाडेनियंत्रण कायद्याने भाडी जिथल्या तिथे थांबली. १९९९ चा नवा कायदा २००० मध्ये लागू झाला तरी जुने भाडेकरू आणि जुनी भाडी बहुतेक तशीच राहिली. भाड्यात कौले शाकारता येत नाहीत म्हणून मालक डागडुजी करत नाही. घर आपले नाही म्हणून भाडेकरू करत नाही. दर पावसाळ्याआधी महापालिकेच्या धोकादायक वाड्यांना नोटिसा जातात. अखेर वाडा उतरतो आणि इमारत उभी राहते. त्या भाडेकरूला पहिल्यांदा स्वतःचा संडास आणि गळत नाही असे छप्पर मिळते. लांबून येऊन ‘वाडे गेले’ म्हणून हळहळणाऱ्याने हे विसरू नये. मी स्वतः असा वाडा राहण्यासाठी निवडणार नाही.

पण इमारत उभी राहते तेव्हा तळमजल्यावर वाहने येतात. कसब्याचा धंदा सगळा तळमजल्याचा होता. ओट्यावर बसून, रस्त्याकडे तोंड करून, आवाज आणि धूर करत चालणारा. भट्टी चौथ्या मजल्यावर पेटवता येत नाही आणि सदनिकेत हंडा ठोकला तर शेजारी तक्रार करतो. कारागीर हरला तो स्टीलसमोर जेवढा, तेवढाच पार्किंगसमोर. शिवाय चार वाड्यांच्या जागा एकत्र करून मोठे संकुल झाले की मधला बोळ नाहीसा होतो. नाकामिसेची दुकाने दोनदा गेली आणि वाट राहिली. आपल्याकडे नेमके उलट होण्याचा संभव आहे. लाल महाल नवा बांधून मिळाला, बोळ पुन्हा बांधून मिळणार नाही.

म्हणून या स्वस्त फेऱ्यांकडे मी करमणूक म्हणून पाहत नाही. वास्तुवारसा म्हणजे सरदारांचे वाडे, अशी आपली समजूत आहे आणि पुरंदरे किंवा मुजुमदार यांचे वाडे जपलेच पाहिजेत. मुजुमदारांच्या गणेशोत्सवातल्या गायनाच्या बैठकांनी तर पुण्याचा कान घडवला. पण त्या वाड्यांना वंशज आहेत, अभ्यासक आहेत, वर्तमानपत्रे आहेत. बोळाला कोणी नाही. रविवारी सकाळी त्यातून चालणारी चौदा माणसे हीच त्याची साक्षीदार.

या फेऱ्या चालवणाऱ्यांना तीन गोष्टी सुचवाव्याशा वाटतात. दोनशे रुपयांतले वीस रुपये ज्या आळीत थांबतो त्या आळीचे म्हणून बाजूला काढावेत आणि कारागिराशी आधी बोलून, त्याच्या सोयीच्या वेळीच जावे. बनवणाऱ्याकडूनच एखादी लहान वस्तू विकत घेता येईल अशी सोय करावी; पळी, तांब्या, निरांजन पुरे. आणि दर फेरीत एका बोळाची नोंद व्हावी: दोन्ही तोंडे कुठे उघडतात, रुंदी किती पावले, लोक त्याला काय म्हणतात, तळमजल्यावर कोण काय करतो. महापालिकेकडे मागणी एकच: पुनर्विकासाला परवानगी देताना जुन्या वाटांच्या रेषा नकाशावर बांधून ठेवाव्यात आणि आळीतल्या इमारतीत रस्त्याकडचा एक गाळा कारागिरीसाठी राखता येईल अशी सवलत द्यावी.

त्या दिवसापासून मी अशा नोंदी एका वहीत करू लागलो आहे. घरपट्टीच्या पावत्या, जुनी पत्रे, लग्नपत्रिका, दुकानांच्या पाट्या, काहीही चालते. आतापर्यंत तेवीस बोळ झाले. त्यांपैकी सहांची नावे पाटीवर कुठेच नाहीत, फक्त तिथल्या म्हाताऱ्या माणसांच्या तोंडी आहेत. वाचकांपैकी कोणाचे आजोळ कसब्यात असेल तर त्यांनी आपल्या गल्लीचे घरात बोलले जाणारे नाव आणि तळमजल्यावरचा धंदा लिहून ठेवावा. त्यासाठी इतिहासाची पदवी लागत नाही; माझ्याकडेही नाही.